सुरुवात १८६५ च्या मे महिन्यापासून करा

एम.ए.ला अमेरिकेचा इतिहास घेतला तेव्हा माझ्या हाताशी एकच धागा होता: जोतीराव फुल्यांच्या ‘गुलामगिरी’ची अर्पणपत्रिका. १८७३ साली त्यांनी ते पुस्तक गुलामांच्या मुक्तीसाठी झटणाऱ्या अमेरिकेतल्या लोकांना अर्पण केलं. त्यामुळे माझ्या लेखी लढाई जिंकून झाली होती.

आमच्या बाईंनी पहिल्याच तासाला अमेरिकेची १८६५ मधली तेरावी घटनादुरुस्ती मोठ्याने वाचायला लावली. गुलामगिरी आणि वेठ बंद, हे मी ठसक्यात वाचलं. मधला तुकडा मात्र भरभर उरकला. बाई म्हणाल्या, ‘‘तोच परत वाच.’’ दोन स्वल्पविरामांच्या मध्ये अपवाद होता: गुन्ह्याची शिक्षा म्हणून असेल तर चालेल!

त्याच वर्षी मिसिसिपीने कायदा केला. मुक्त झालेल्या माणसाने दर जानेवारीत कामधंद्याचा लेखी पुरावा दाखवायचा. नसेल तर तो भटक्या ठरणार, दंड होणार, दंड भरता आला नाही तर मजुरीला जुंपला जाणार. पुढे दक्षिणेतल्या राज्यांनी कैदी खाणींना, मळ्यांना भाड्याने दिले; अलाबामात हे १९२८ पर्यंत चाललं. हे कायदे मुळातून वाचा, त्यांवरची पुस्तकं नंतर.

आणि त्याआधी १८६५ च्या मे महिन्यातला वाद वाचा. गुलामगिरीविरोधी चळवळीचे नेते विल्यम लॉइड गॅरिसन म्हणत होते, काम फत्ते झालं, गुलामगिरीविरोधी संघटना आता बरखास्त करू. स्वतः गुलामीतून निसटलेले फ्रेडरिक डग्लस अडून बसले. कृष्णवर्णीयाच्या हाती मत येत नाही तोवर गुलामगिरी संपलेली नाही, आणि हा जुना साप कोणती नवी कात घेऊन येतो ते बघत राहा, असं त्यांनी बजावलं. मिसिसिपीचा कायदा त्यानंतर सहा महिन्यांनी आला. मला तर वाचताना काटा आला.

कृष्णवर्णीय इतिहासकार डब्ल्यू. ई. बी. डु बॉइस यांनी १९३५ मध्ये हाच धागा उचलला: बेड्या तोडल्या, पण जमीन, शाळा, मताधिकार यांचं काय? अमेरिकेतल्या विचारवंत आणि कार्यकर्त्या अँजेला डेव्हिस यांनी तो प्रश्न आजच्या तुरुंगांपर्यंत नेला. ‘वांशिक न्याय’ हा शब्द आज ऐकाल तेव्हा त्यामागे ही साखळी आहे हे ध्यानात ठेवा.

डग्लस यांचे कागद अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या संकेतस्थळावर फुकट मिळतात. हस्ताक्षर लागायला वेळ लागतो, चिकाटी सोडू नका. सोबत आजची मतमोजणीही पाहा. २०२२ मध्ये टेनेसी, अलाबामा आणि ओरेगन या राज्यांच्या मतदारांनी आपापल्या राज्यघटनेतून शिक्षेचा तो अपवाद काढला. २०२४ मध्ये कॅलिफोर्नियाने तसाच प्रस्ताव फेटाळला. त्या रात्री मी डग्लस यांचं मे महिन्याचं भाषण पुन्हा उघडलं.