पॅरी सैल करण्याआधी फ्रेम मोजा

"मी वेळेवर बटण दाबलं होतं!" तलवारबाजीचा गेम बनवणाऱ्याला हे वाक्य रोज ऐकावं लागतं. मी प्रत्येक वेळी पॅरीची, म्हणजे ऐन वेळी बटण दाबून समोरचा वार अडवण्याची, मुदत वाढवत गेलो. आठ फ्रेमच्या (फ्रेम म्हणजे पडद्यावरचं एक चित्र) दहा केल्या, दहाच्या बारा. गेम मिळमिळीत झाला, तक्रार मात्र तशीच.

तुम्ही आधी प्रोफायलर, म्हणजे कशाला किती वेळ लागतो ते दाखवणारं साधन, उघडा. ६० एफपीएसला (सेकंदाला ६० फ्रेम) एका फ्रेमच्या वाट्याला १६.६७ मिलिसेकंद येतात. माझ्याकडे पात्यावर पातं आपटलं की नेमकी तीच फ्रेम ४० च्या वर जायची. दर टकरीला ठिणग्यांचे नवे ऑब्जेक्ट बनत होते आणि त्यांचा मेमरीत साचलेला कचरा उचलायला गार्बेज कलेक्टर ऐन लढाईत हजर! ठिणग्या लेव्हल लोड होतानाच बनवून ठेवा आणि त्याच फिरवून वापरा. एवढं करूनही पहिल्या वाराला झटका बसलाच, तर शेडरवर, म्हणजे इफेक्ट पडद्यावर रंगवणाऱ्या छोट्या प्रोग्रामवर, संशय घ्या. लोडिंगच्या पडद्याआड तो इफेक्ट एकदा चालवून घ्या.

पॅरीची मुदत मिलिसेकंदांत लिहा. आठ फ्रेम म्हणजे ६० एफपीएसला १३३ मिलिसेकंद, १२० ला जेमतेम ६७. ज्याचं मशीन भारी, त्यालाच निम्मा वेळ!

वार आरपार जाऊनही लागत नसेल तर हिटबॉक्स (वार लागला का ते ठरवणारी अदृश्य चौकट) फुगवू नका. युनिटी या गेम इंजिनात टकरी तपासणाऱ्या फिजिक्सची पायरी मुळात ०.०२ सेकंदांची असते. वेगात फिरणारं पातं एका पायरीला शत्रूच्या अलीकडे असतं, पुढच्या पायरीला पलीकडे. पात्यावर मुठीपासून टोकापर्यंत चार-पाच बिंदू धरा आणि प्रत्येकाच्या मागच्या जागेपासून आताच्या जागेपर्यंत रेकास्ट, म्हणजे मध्ये काही आडवं येतं का ते तपासणारी अदृश्य रेघ, टाका. टोकाकडे बिंदू दाट हवेत, कारण टोकच जास्त अंतर कापतं.

आता माझा खरा गाढवपणा. वार बसल्यावर क्षणभर सगळं थिजावं (यालाच हिटस्टॉप म्हणतात) म्हणून मी टाइमस्केल, म्हणजे गेममधल्या वेळेचा वेग, शून्य करायचो, आणि बटण वाचत होतो फिजिक्सच्या पायरीला चालणाऱ्या फिक्स्ड-अपडेटमध्ये. टाइमस्केल शून्य असताना फिक्स्ड-अपडेट चालतच नाही. म्हणजे त्या क्षणात दाबलेलं बटण गेमला कळायचंच नाही. लोक खरंच वेळेवर दाबत होते! बटण दर फ्रेमला चालणाऱ्या अपडेटमध्ये वाचा, बफरमध्ये थोडा वेळ जपून ठेवा, हिटस्टॉप सुटला की वापरा. बफरचं घड्याळही अनस्केल्ड, म्हणजे टाइमस्केलने न बदलणाऱ्या, वेळेवर चालवा.

एवढं झाल्यावर मी मुदत पुन्हा १३३ वर आणली. आता हरणारे लोक शत्रूला शिव्या देतात.