अपघाती मृत्यूचा क्लेम: निकालानंतरचं व्याज स्वतः मोजा, विमा कंपनीच्या आकड्यावर सही करू नका

माझे मामा रोड अपघातात गेले आणि मोटार अपघात न्यायाधिकरणात (अपघाताचे क्लेम ऐकणारं कोर्ट) टाकलेल्या क्लेमचा निकाल लागायला पाच वर्षं गेली. निकाल लागला त्या दिवशी मामी कोर्टाच्या व्हरांड्यात बसून एवढंच म्हणाल्या, "आता मिळतील ना रे पैसे?" मिळाले, पण कमी मिळाले, आणि कमी आहेत हे आम्हाला कितीतरी महिन्यांनी कळलं. तुमच्याबाबतीत असं होऊ नये म्हणून हे सविस्तर लिहितोय.

आधी निकालपत्राचं शेवटचं पान काढा, जिथे ऑर्डर लिहिलेली असते. तिथे व्याजाचा दर, ते कधीपासून धरायचं आणि कधीपर्यंत, ह्या तीन गोष्टी बघा. मोटार वाहन कायद्याच्या कलम १७१ प्रमाणे क्लेम दाखल केला त्या तारखेच्या आधीचं व्याज मिळतच नाही, अपघाताच्या तारखेपासून तर नाहीच. म्हणून ज्यांनी अजून क्लेम टाकला नाही त्यांनी तेराव्यानंतर लगेच कागद गोळा करायला घ्या (एफआयआर, पंचनामा, पीएम रिपोर्ट, पॉलिसीची कॉपी), आणि १ एप्रिल २०२२ पासून मुदतही सहा महिन्यांची झालीये. दर कायद्यात ठरवून दिलेला नाही, कोर्ट साधारण ६ ते ९ टक्के देतं, आणि ते साधं व्याज असतं, चक्रवाढ नाही. निकालात व्याजाचा उल्लेखच नसेल तर वकिलांना त्याच आठवड्यात विचारा, कारण हायकोर्टात अपिलाची मुदत ९० दिवसांची आहे.

आता हिशोब. समजा १८ लाख मंजूर झाले, दर साडेसात टक्के, दाखल तारीख १० जून २०१९ आणि निकाल १० जून २०२४. वर्षाचं व्याज १,३५,०००, महिन्याचं ११,२५०. पाच वर्षांचे झाले ६,७५,०००. कलम १६८ म्हणतं की निकालानंतर ३० दिवसांत पैसे जमा करा, पण कंपनीने १० एप्रिल २०२५ ला केले, म्हणजे अजून दहा महिन्यांचे १,१२,५००. एकूण येणं २५,८७,५००.

आणि कंपनीने भरले २० लाख. इथेच लोक फसतात, आम्हीपण फसलो. कंपनीचा माणूस सांगतो की मुद्दल १८ लाख फिटलं, व्याजातले २ लाख दिले, राहिलेलं व्याज नंतर बघू. पण भरणा आधी व्याजात आणि खर्चात वळता होतो, मग मुद्दलात, निकालात वेगळं काही लिहिलं नसेल तर. सुप्रीम कोर्टाने २०१४ मधे व्ही. काला भारती विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स ह्या केसमधे अपघाताच्या क्लेमबद्दलच हे सांगितलंय, वकिलांना हे नाव नक्की सांगा. म्हणजे २० लाखातून आधी ७,८७,५०० व्याज गेलं, उरलेले १२,१२,५०० मुद्दलात, आणि ५,८७,५०० मुद्दल अजून बाकी. दोन्ही पद्धतीत बाकी आकडा तोच दिसतो, पण कंपनीच्या हिशोबात तो नुसता व्याजाचा आकडा असतो, त्यावर पुढे काही चढत नाही, आणि आपल्या हिशोबात तो मुद्दल असल्यामुळे वर्षाला ४४,०६२ रुपये चढतच राहतात. त्यामुळे "पूर्ण रक्कम मिळाली" अशी पुरसीस (कोर्टात द्यायचं लेखी निवेदन) कोणी पुढे केली तर हा हिशोब जुळल्याशिवाय सही करू नका, मामींनी केली होती.

पैसे नक्की कधी जमा झाले ती तारीख नाझरच्या (कोर्टातले पैसे सांभाळणारा अधिकारी) ऑफिसमधून लेखी घ्या, कंपनीच्या पत्रावरची तारीख धरू नका. मग वरच्यासारखा तक्ता एका पानावर करून वकिलांमार्फत त्याच न्यायाधिकरणात दरखास्त (निकालाच्या अंमलबजावणीचा अर्ज) टाका. कलम १७४ खाली न्यायाधिकरणाकडे कलेक्टरच्या नावाचा वसुलीचा दाखलाही मागता येतो, जमीन महसुलाच्या थकबाकीसारखी वसुली होते. तक्ता जोडलेला अर्ज हातात पडला की कंपनीचा वकील तडजोडीचं बोलायला लागतो, हे आम्ही बघितलंय.

कंपनी हायकोर्टात गेली तर घाबरू नका. स्टे देताना कोर्ट बहुतेक वेळा रक्कम व्याजासकट जमा करायला लावतं, आणि त्यातला काही भाग काढायचा अर्ज आपण करू शकतो. घर चालवायचंय, मुलांच्या फिया आहेत, हे त्यात स्पष्ट लिहा, लाजू नका.

व्याजावर टीडीएस कापलेला असेल तर फॉर्म २६एएस (कापलेल्या कराचं आयकर खात्याचं विवरण) मधे दिसतो. मुंबई हायकोर्टाने २०१९ मधे सांगितलंय की क्लेम दाखल केल्यापासून निकालापर्यंतचं व्याज हे करपात्र उत्पन्न नाही, त्यामुळे सीएला तो निकाल दाखवून रिटर्न भरा आणि परतावा मागा. आणि अज्ञान (१८ वर्षांखालच्या) मुलांच्या नावाची रक्कम एफडीत जाते तेव्हा तिचं व्याज दर महिन्याला आईच्या खात्यावर जमा व्हावं असा अर्ज निकालाच्या वेळीच द्या, नंतर त्यासाठी परत कोर्टाच्या चकरा माराव्या लागतात.