रॅटलस्नेकच्या वाळवंटात पाऊल टाकताना

अमेरिकेच्या नैर्ऋत्येकडच्या सोनोरन किंवा मोहावे वाळवंटात फिरायचं असेल तर रॅटलस्नेकचं, म्हणजे शेपटीच्या टोकाला खुळखुळा असलेल्या विषारी सापाचं, वेळापत्रक आधी समजून घ्या. ते ठरतं उन्हावर. मार्च-एप्रिलमध्ये हे साप कपारीतून बाहेर पडून भर दिवसा दगडांवर अंग शेकतात. उन्हाळ्यात दुपारची वाळू 60 अंश सेल्सियसच्या वर तापते; तेव्हा ते बिळात नाहीतर झुडपाखाली दडतात आणि रात्री फिरतात. त्यामुळे उन्हाळ्यात अंधार पडल्यावर टॉर्चशिवाय निघू नका. ओंडका आडवा आला तर थेट ओलांडू नका. त्यावर चढा, पलीकडे बघा, मग उतरा.

मऊ वाळूत तिरपे, एकमेकांना समांतर, टोकाशी आकडा वळलेले चरे दिसले तर तो साइडवाइंडर, रॅटलस्नेकचीच एक जात. झुडपाच्या बुडाशी तो वाळूत रुतून बसतो, वर दिसतात जेमतेम डोळे आणि त्यावरची शिंगांसारखी खवलं. तिथे पाय ठेवू नका.

खुळखुळ्यावर फार भिस्त ठेवू नका. जवळ गेलं तरी बरेच साप गप्प पडून राहतात, कारण लपून राहणं हाच त्यांचा पहिला बचाव. पिल्लाच्या शेपटीला नुसती गुंडी असते, तिचा आवाजच होत नाही. पुढे दर कातीला एक कडी वाढते. पण कात वर्षातून अनेकदा पडू शकते आणि कड्या तुटतातही, म्हणून कड्या मोजून वय काढणं फोल.

अंडी मादीच्या पोटातच वाढतात आणि जुलै ते सप्टेंबरच्या सुमारास जिवंत पिल्लं जन्मतात. पहिली कात टाकेपर्यंत, साधारण आठवडा-दोन आठवडे, ती आईजवळच असतात. या दिवसांत एक पिल्लू दिसलं तर बाकीची आसपास आहेत असं धरा आणि आल्या वाटेनेच मागे फिरा. पिल्लू जन्मतःच विषारी असतं.

आवाज आला तर थांबा, साप कुठे आहे ते बघा, मग सावकाश मागे सरका. झेप सहसा शरीराच्या निम्म्या लांबीपर्यंतच पोचते, तरी दोन मीटर अंतर राखा. पाऊस पडत असेल तर तो चपटं वेटोळं करून अंगावरचं पाणी पिताना दिसेल; बघा, पण लांबूनच.

चावलाच तर 911 हा अमेरिकेतला तातडीच्या मदतीचा नंबर लावा. अंगठी, घड्याळ सूज यायच्या आत काढा, हालचाल कमी करा. चिरा देणं, विष चोखणं, आवळून बांधणं, बर्फ लावणं, सगळं टाळा. उपाय एकच, इस्पितळातलं प्रतिविष. साप पकडून न्यायचीही गरज नाही. तुटलेलं डोकंसुद्धा काही काळ चावू शकतं.