एजंट ऑरेंज आणि सैनिकांची दिव्यांग मुलं: अमेरिकी भत्त्याचा अर्ज करताना या चुका टाळा

व्हिएतनाममध्ये झाडांची पानं झडावीत आणि पिकं मरावीत म्हणून अमेरिकी हवाई दल 1962 ते 1971 या काळात विमानांतून तणनाशकं फवारत होतं. त्यातलं सर्वांत कुप्रसिद्ध एजंट ऑरेंज. ते बनवतानाच त्यात डायऑक्सिन हे जहाल विष उतरत असे. तिथून परतलेल्या सैनिकांच्या ज्या मुलांना जन्मतः स्पायना बायफिडा, म्हणजे पाठीचा कणा गर्भातच नीट न जुळल्याचं व्यंग आहे, त्यांच्यासाठी अमेरिकी संसदेने 1996 मध्ये कायदा केला. 1 ऑक्टोबर 1997 पासून त्यांना दरमहा भत्ता, औषधोपचार आणि व्यवसाय प्रशिक्षण मिळू लागलं. ही 'मुलं' आज चाळिशी-पन्नाशीची आहेत आणि त्यांच्यातल्या काहींना हा हक्क आपला आहे हेच माहीत नाही. अमेरिकेत रुग्णालयांत, शाळांत, समाजसेवेत काम करणाऱ्या मराठी मंडळींसमोर अशी कुटुंबं येतात. काहींच्या तर सासरीच हा प्रश्न असतो. म्हणून हे सविस्तर लिहिते आहे.

विष सिद्ध करत बसणं

सगळ्यात जास्त वेळ इथे वाया जातो. कुटुंबं शोधनिबंध जमवतात, वडिलांच्या अंगावर फवारा कधी पडला याचे साक्षीदार शोधतात. याची गरजच नाही. व्हिएतनामच्या बाबतीत कायदा मोजक्या गोष्टी विचारतो: आई किंवा वडील 9 जानेवारी 1962 ते 7 मे 1975 या काळात तिथे सेवेत होते का, मूल त्यांचं जैविक अपत्य आहे का, गर्भधारणा त्यांनी तिथे पहिल्यांदा पाऊल ठेवल्यानंतरची आहे का आणि निदान काय आहे. एजंट ऑरेंजमुळे मुलांना स्पायना बायफिडा होतो याचा पुरावा 2016 च्या वैज्ञानिक आढाव्याने अपुरा ठरवला, ते वाचून काही जण अर्जाचा विचारच सोडून देतात. पण हा हक्क कायद्याने दिलेला आहे आणि तो कायदा तसाच आहे.

'पहिल्यांदा' या शब्दाकडे नीट पाहा. वडील मार्च 1968 मध्ये गेले आणि मूल ऑगस्ट 1968 मध्ये जन्मलं, तर अर्ज नाकारला जाणार. पण तेच वडील 1966 मध्येही एकदा जाऊन आले असतील, तर चित्र पालटतं. अर्जात फक्त शेवटची नेमणूक लिहून स्वतःचंच नुकसान करून घेऊ नका.

कोरियाच्या सीमापट्ट्यात 1 सप्टेंबर 1967 ते 31 ऑगस्ट 1971 या काळात असलेल्यांची मुलंही यात येतात. 2020 पासून थायलंडमध्ये सेवा केलेल्यांच्या मुलांनाही दार उघडलं आहे. तिथे मात्र तुकडी आणि तळ कोणता, याची जास्त चौकशी होते.

पदकावर विसंबणं

सेवामुक्तीचा दाखला म्हणजे डीडी-214. त्यात व्हिएतनाम सेवा पदकाची नोंद दिसली की घरचे निर्धास्त होतात. पण हे पदक थायलंडमधून मोहिमेला साहाय्य करणाऱ्यांना आणि समुद्रातल्या जहाजांवरच्यांनाही मिळालं होतं. तेवढ्याने माणूस व्हिएतनामच्या भूमीवर होता हे ठरत नाही. शेऱ्यांच्या रकान्यात तिथल्या सेवेच्या तारखा आहेत का ते बघा. नसतील तर सेंट लुईसच्या अभिलेखागारातून पूर्ण सेवापुस्तक मागवा, त्यात बदलीचे आदेश मिळतात. वडील हयात नसतील तर मुलांनाही ते मागवता येतं. नौदलातल्यांच्या घरी जुनं नकारपत्र असेल तर ते फेकू नका. 2019 च्या कायद्याने किनाऱ्यालगतच्या सागरी हद्दीतली जहाजंही आत घेतली आहेत.

निदान आणि डॉक्टरांची भाषा

स्पायना बायफिडा ऑकल्टा हा सौम्य प्रकार यातून वगळलेला आहे. मोघम निदानाचा कागद पाठवू नका. मायलोमेनिंगोसील, म्हणजे कण्याच्या फटीतून मज्जारज्जू बाहेर आलेला गंभीर प्रकार असेल, तर तो शब्द कागदावर आलाच पाहिजे.

भत्त्याच्या तीन पायऱ्या आहेत. चालणं, हातांची शक्ती, बुद्ध्यांक आणि लघवी-शौचावरचा ताबा यांवरून पायरी ठरते. डॉक्टर आपुलकीने लिहितात, 'प्रकृती उत्तम, चालतो, ताबा आहे.' प्रत्यक्षात तो पायाला पट्टे बांधून चालतो आणि दिवसातून चार वेळा नळी घालून लघवी काढतो. कायद्यात औषधाने किंवा साधनाने राखलेला ताबा हा पूर्ण ताबा मानत नाहीत. म्हणून डॉक्टरांना पट्टे, कुबड्या, नळी, औषधं सगळं लिहायला सांगा. आपल्या लेकराचं उणं कागदावर मांडताना आईबापांचा जीव तुटतो, हे मी जाणते. तरीही लिहून घ्याच.

आई सैनिक होती, हे न सांगणं

आई व्हिएतनाममध्ये सेवेत असेल तर यादी कितीतरी मोठी आहे: हृदयाचे जन्मजात दोष, दुभंगलेले ओठ-टाळू, वाकडी पावलं आणि असे अनेक विकार. इथे तारीख 28 फेब्रुवारी 1961 पासून धरतात. आनुवंशिक आजार आणि प्रसूतीतली इजा मात्र धरत नाहीत. वडिलांच्या बाजूने फक्त स्पायना बायफिडा. आई परिचारिका म्हणून तिथे होती, तरी अर्जात वडिलांचंच नाव घातलं जातं, याचं मला फार वाईट वाटतं.

नुसते समज

वयाची अट नाही. लग्न झालं तरी हक्क जात नाही. वडिलांची सेवामुक्ती सन्मानपूर्वक नव्हती तरी चालतं. हा पैसा सरकारच्या इतर योजनांत उत्पन्न म्हणून धरत नाहीत, तेव्हा मदत बंद होईल या भीतीने थांबू नका. स्पायना बायफिडाच्या लाभार्थ्यांचे उपचार 2008 पासून त्या एका व्यंगापुरते मर्यादित नाहीत. विषारी द्रव्यांची झळ बसलेल्या सैनिकांसाठीच्या 2022 च्या पॅक्ट कायद्याने मात्र मुलांच्या या भत्त्याची व्याप्ती वाढलेली नाही, आणि कॅम्प लेजून या अमेरिकेतल्या लष्करी तळावरच्या दूषित पाण्याची योजना पूर्णपणे वेगळी आहे. एकीचा अर्ज दुसरीकडे चालत नाही.

पहिला अर्ज भरून देण्याचे पैसे मागणाऱ्यापासून लांब राहा, कायद्याने ते घेता येत नाहीत. माजी सैनिकांच्या मान्यताप्राप्त संघटना हे काम विनामूल्य करतात. नकार आला तर पत्राच्या तारखेपासून एक वर्षाच्या आत नवा पुरावा जोडून फेरविचार मागा, म्हणजे मूळ अर्जाची तारीख हातची जात नाही.

सर्व कागद जमेपर्यंत अर्ज थांबवून ठेवणं ही सर्वांत महागडी चूक. मोठ्या वयात केलेल्या अर्जाचा भत्ता सर्वसाधारणपणे अर्ज पोहोचल्याच्या तारखेपासूनच धरतात, मागचे महिने मिळत नाहीत. अमेरिकी माजी सैनिक विभागाचा (व्हीए) 21-0304 हा अर्ज आज पाठवा. सेवापुस्तक मागून आलं की जोडा.