निकाल विरुद्ध गेला? निकालाच्या नकलेचा अर्ज त्याच दिवशी टाका

दिवाणी दाव्यात जिल्हा न्यायालयात अपिलाला 30 दिवस मिळतात, आणि नुसतं अपील दाखल झाल्याने हुकूमनाम्याची (निकालानुसार न्यायालय काढतं त्या औपचारिक आदेशाची) अंमलबजावणी थांबत नाही.

1. निकालाच्या प्रमाणित (न्यायालयाने खरी म्हणून दिलेल्या) नकलेसाठी लगेच अर्ज करा. नक्कल मिळायला लागलेले दिवस मुदतीतून वगळले जातात. नकलेवरच्या तारखा जपा, हिशेब त्यांवरूनच होतो.

2. निकाल देणाऱ्या न्यायालयाकडेच अंमलबजावणीला तात्पुरती स्थगिती मागा. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 41, नियम 5(2). हे फारच थोड्या पक्षकारांना ठाऊक असतं! मात्र अपिलाची मुदत संपण्याआधीच मागायला हवी.

3. उशीर झालाच तर अपिलासोबत विलंब माफीचा अर्ज, कारणं सांगणारं प्रतिज्ञापत्र जोडून.

सावधान: उशिरा आलेलं अपील ऐकायचं ठरेपर्यंत अपील न्यायालय अंमलबजावणीला स्थगिती देऊ शकत नाही.