मानवी हक्क आयोगाकडे तक्रार कशी करावी

गेल्या पावसाळ्यात आमच्या चाळीतल्या मावशींच्या मुलाला ठाणे शहरातल्याच एका पोलीस ठाण्यात रात्रभर बसवून ठेवलं. नोंद नाही, घरी निरोप नाही. दुसऱ्या दिवशी मावशी अर्ज घेऊन आल्या. त्यात एकच वाक्य: 'माझ्या मुलावर अन्याय झाला, न्याय मिळावा.' एवढ्यावर कोण काय चौकशी करणार? आम्ही तो पुन्हा लिहायला बसलो.

आधी तक्रार कोणाविरुद्ध ते बघा. १९९३च्या मानवी हक्क संरक्षण कायद्याखाली आयोग लोकसेवकाने हक्क डावलल्याची, किंवा डावलला जात असताना काणाडोळा केल्याची दखल घेतो. घरमालकाशी भांडण असेल तर तिकडे जाऊन उपयोग नाही. घटनेला वर्ष उलटलं की दार बंद.

अर्ज मराठीतच लिहा, चालतो. खरी मेहनत वेळ ठरवण्यात आहे. मावशींना फक्त 'जेवणं झाल्यावर नेलं' एवढंच आठवत होतं. "मावशी, पोरगा परत आला तेव्हा नळाला पाणी होतं का?" "हो रे, हंडा भरत होते मी." आमच्याकडे पाणी साडेपाचला येतं, म्हणजे सुटका पहाटे साडेपाचच्या सुमारास. हे असं लिहायचं. पोलिसाचं नाव माहीत नसेल तर हुद्दा, वर्णन लिहा. मारहाण झाली असेल तर त्याच दिवशी सरकारी दवाखान्यात दाखवून केस पेपर जोडा.

आणि एक ओळ विसरू नका: 'त्या रात्रीचं सीसीटीव्ही चित्रण जपून ठेवण्याचे आदेश द्यावेत.' प्रत्येक पोलीस ठाण्यात कॅमेरे लावा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२० साली बजावलंय. पण चित्रण कायम राहत नाही, म्हणून घाई करा.

राज्य आयोगाचं कार्यालय मुंबईत, सीएसएमटी स्टेशनसमोर. फी नाही. हातोहात दिलात तर आपल्या प्रतीवर आवक शिक्का घ्या, नाहीतर रजिस्टर पोस्टाने पाठवा. तोच अर्ज दिल्लीच्या राष्ट्रीय आयोगालाही धाडू नका, एका आयोगापुढे असलेलं प्रकरण दुसरा हाताळत नाही. वकील हवा असेल तर ठाणे जिल्हा विधी सेवा प्राधिकरणात विचारा, किंवा १५१०० वर फोन करा. महिलांना ही मदत उत्पन्न न पाहता फुकट मिळते.

आयोग अधिकाऱ्यांना समन्स काढू शकतो, अहवाल मागवू शकतो. भरपाईची मात्र तो शिफारसच करतो, हे मावशींना मी आधीच सांगून टाकलं. "करू दे शिफारस," त्या म्हणाल्या, "त्या साहेबाला उत्तर तरी द्यावं लागेल ना?"