कुत्र्याची नखं घरी कापताय? या चुका टाळा

क्लिपरचा खण उघडल्याचा आवाज आला की काही कुत्री थेट पलंगाखाली जाऊन बसतात. घरचे म्हणतात, भारी नाटकी आहे. नाटक वगैरे काही नसतं, मागच्या वेळी काय झालं ते त्याला नीट आठवत असतं. आणि मागच्या वेळी बहुधा हेच झालेलं असतं: दोघांनी मिळून त्याला दाबून धरलं, कुणीतरी भराभर नखं उडवली, एका ठिकाणी रक्त आलं आणि सगळ्यांनी सुटलो म्हणून श्वास सोडला.

पुढच्या पंजांना चार-चार नखं आणि आतल्या बाजूला अंगठ्याचं एकेक, मागच्या पंजांना चार-चार. म्हणजे साधारण १८ नखं झाली. ती सगळी एकाच बैठकीत कापायची असं कुठेही लिहिलेलं नाही. आज तीन, उद्या चार केली तरी चालतं. घरी होणाऱ्या बहुतेक चुकांचं मूळ या ‘एकदाचं उरकून टाकू’ वृत्तीत आहे.

‘वाढू दे, मग एकदम कापू’

नखाचं बाहेरचं कवच केराटिन नावाच्या टणक प्रथिनाचं, त्यात जीव नसतो. पण आत रक्तवाहिनी आणि नस असलेला मऊ, जिवंत भाग असतो. आपण त्याला सोयीसाठी शीर म्हणू. नख वाढतं तशी ही शीरही पुढे सरकते. त्यामुळे तीन महिने दुर्लक्ष करून नंतर ‘मूळ मापावर आणू’ म्हटलं, तर कापायला सुरक्षित जागा उरते जेमतेम टोकापुरती. त्यापुढे गेलात की रक्त.

याची उलटी बाजू दिलासा देणारी आहे. दर आठवड्याला टोकाचा अगदी थोडा भाग काढत राहिलं, तर शीर हळूहळू मागे हटते. काही आठवड्यांत फरक दिसायला लागतो, फार वाढलेल्या नखांना काही महिने लागतात. नेहमीच्या देखभालीला तीन-चार आठवड्यांतून एकदा पुरतं. खडबडीत रस्त्यावर रोज भरपूर चालणाऱ्या कुत्र्याला त्याहूनही कमी वेळा लागेल. पण मागची नखं बघून निर्धास्त होऊ नका. ती बहुतेक कुत्र्यांत जास्त झिजतात आणि पुढची मात्र वाढलेली असतात.

माप कसं ओळखायचं? कुत्रा सपाट फरशीवर सरळ उभा असताना नखं जमिनीला टेकायला नकोत. चालताना टकटक आवाज येत असेल तर वेळ होऊन गेली आहे. हा प्रश्न नुसत्या दिसण्याचा नाही. लांब नख जमिनीवर दाबलं गेलं की बोट वर आणि बाजूला ढकललं जातं, पंजा फाकतो आणि गुळगुळीत फरशीवर पकड सुटते. तरुण कुत्रं हे निभावून नेतं, सांधे दुखणारं म्हातारं कुत्रं मात्र उठता-बसता घसरायला लागतं.

अंगठ्याचं नख तर हमखास विसरलं जातं. ते जमिनीला लागत नाही, म्हणजे झिजतही नाही. केसाळ कुत्र्यात ते केसांत दडून बसतं, गोल वळत जातं आणि शेवटी टोक कातडीत रुततं. कुत्रा पायाची तीच जागा सारखी चाटतोय असं दिसलं की आधी इथे बघा. काही कुत्र्यांना मागच्या पायांनाही अंगठा असतो, आणि ग्रेट पिरेनीज, बोसरॉन यांसारख्या जातींत मागे चक्क दोन-दोन असतात.

हत्यार धरताना

माणसांचं नेलकटर अगदी लहान पिल्लाच्या पातळ टोकापुरतं ठीक आहे. मोठ्या कुत्र्याचं नख गोलसर आणि जाड असतं, आणि आपलं कटर त्याला दोन बाजूंनी चेपतं. शिरेला धक्काही लागलेला नसतो, तरी कुत्रा केकाटतो तो या चेपण्याने. बोथट क्लिपरचंही तेच. कापताना ‘कट्’ असा स्वच्छ आवाज न येता नख आधी दबत असेल किंवा कापलेल्या कडेला चिरा, पापुद्रे दिसत असतील, तर पातं बदला.

जाड नखांना पक्कडीसारखा क्लिपर बरा पडतो. नख भोकात घालून कापायचा प्रकार लहान आणि मध्यम कुत्र्यांना चालतो, पण वळून गोल झालेलं नख त्याच्या भोकात शिरतच नाही. काही क्लिपरना जास्त कापलं जाऊ नये म्हणून मागे एक पट्टी असते. तिच्यावर विसंबू नका. तुमच्या कुत्र्याची शीर कुठवर आली आहे ते त्या पट्टीला कुठून कळणार?

ग्राइंडरने नख घासणं सुरक्षित, असं समजून लोक तो नखावर टेकवून ठेवतात. घासल्याने उष्णता तयार होते आणि ती थेट आत पोचते. एक-दोन सेकंद टेकवा, उचला, पुन्हा टेकवा. वेग कमी ठेवा. लांब केसांच्या कुत्र्याच्या पंजावर जुना पातळ मोजा चढवून नखं त्यातून बाहेर काढली, तर केस फिरत्या टोकात गुंतत नाहीत. आणि ग्राइंडरनेही शिरेपर्यंत जाता येतं बरं का, तो काही जादूची कांडी नाही.

काळं नख: सगळ्यांची भीती इथेच

पांढऱ्या नखात गुलाबी शीर बाहेरूनच दिसते. तिच्या दोन-तीन मिलिमीटर अलीकडे थांबलं की झालं. काळ्या नखात काहीच दिसत नाही, म्हणून लोक अंदाजाने एक मोठा काप घेतात. ही चूक सगळ्यात महागात पडते. विजेरीचा उजेड मागून टाकून बघायचा सल्लाही मिळतो, पण गडद नखातून तो फारसा पार होत नाही.

त्यापेक्षा पंजा उलटा करून नख खालच्या बाजूने बघा. टोकाकडचा भाग खालून पोकळ, पन्हळीसारखा दिसतो. पंजाच्या दिशेने मागे गेलं की ती पन्हळ भरत जाते. पोकळ भागात शीर नसते, त्यामुळे सुरुवात तिथूनच करायची.

मग कापायचं ते कागदाच्या जाड घडीइतकं, एकेक मिलिमीटर. प्रत्येक कापानंतर थांबून नखाचं कापलेलं तोंड बघा. पहिल्या कापाला ते कोरडं, पांढरट, खडूसारखं भुरभुरीत दिसेल. अजून जागा आहे. पुढच्या एक-दोन कापांत मधोमध करडा किंवा काळसर ठिपका उमटतो, आणि बाजूच्या कोरड्या भागापेक्षा तो जरा ओलसर, चकचकीत वाटतो. तो दिसला की क्लिपर खाली. ‘अजून एक छोटासा’ हा मोह इथेच नडतो. एक सांगतो, ठिपका एका बोटाला लवकर दिसला म्हणून सगळ्या नखांना तेच माप लावू नका. एकाच पंजातल्या नखांची शीर कमी-जास्त असते. आणि एखादं जरी नख पांढरं असलं, तरी त्यावरून काळ्यांचा ढोबळ अंदाज येतो, बस तेवढंच.

कापाचा कोनही महत्त्वाचा आहे. नखाला सरळ आडवा काप दिला तर खालून शीर लवकर सापडते. साधारण ४५ अंशांचा तिरका काप, म्हणजे कुत्रा उभा राहिल्यावर कापलेली बाजू जमिनीला समांतर येईल असा, बरा पडतो. शेवटी कडा कानसने थोडी गुळगुळीत केली की ती चादरीत अडकत नाही.

पाय ओढतोय? आधी तुमचा हात बघा

कुत्रा पाय मागे खेचतो तेव्हा आपली पकड आपोआप घट्ट होते. पकड घट्ट झाली की तो आणखी खेचतो. नखाचं भांडण इथपर्यंत येईस्तोवर ते नखाचं राहिलेलंच नसतं.

दुसरी गोष्ट दिशेची. माणसाचा हात बाजूला सहज जातो, कुत्र्याचा पुढचा पाय तसा जात नाही. आपण समोर बसून तो पाय स्वतःकडे आणि बाहेर खेचतो, त्याचा खांदा ताणला जातो. संधिवात असलेल्या कुत्र्याला तर हे चांगलंच दुखतं. नालबंद घोड्याचा पाय उचलतो तसा पाय मागे दुमडून, पंजाचा तळवा वर करून धरा. कुत्र्याचा तोल राहतो आणि तुम्हाला नखाची खालची बाजू आयती दिसते. बोट चिमटीत पिळू नका. अंगठा खालच्या गादीवर आणि तर्जनी बोटाच्या वर ठेवून हलकेच दाबलं की नख आपसूक पुढे येतं. बोटांमधले केस आड येत असतील तर ते आधी बाजूला करा, नाहीतर क्लिपरमध्ये केस ओढले जातात आणि दोष नखाच्या माथी येतो.

क्लिपर बघूनच पळणाऱ्या कुत्र्याला नव्याने शिकवावं लागतं, त्याला दुसरा उपाय नाही. काही दिवस नुसता पंजाला हात लावायचा आणि खाऊ द्यायचा. मग पंजा उचलायचा, खाऊ. मग क्लिपर दाखवायचा, खाऊ. मग बंद क्लिपर नखाला टेकवायचा. मध्येच एखादी सुकी काडी कापून तो आवाज ऐकवायचा. खरा काप सगळ्यात शेवटी, आणि तोही एकाच नखाला. इथे क्रम उलटा करण्याची चूक फार होते. आधी खाऊ दाखवून जवळ बोलावलं आणि मग पकडलं, तर कुत्रा खाऊलाच घाबरायला शिकतो. आधी स्पर्श, लगेच मागोमाग खाऊ.

चाटायला पीनट बटर देत असाल तर डब्यावरचे घटक वाचा. त्यात झायलिटॉल (साखरेऐवजी वापरतात तो गोड पदार्थ) असेल तर ते कुत्र्यासाठी विषारी आहे.

जांभया, ओठ चाटत राहणं, डोळ्यांचा पांढरा भाग दिसणं, अंग ताठ होणं ही सगळी ‘पुरे’ म्हणायची त्याची पद्धत आहे. गुरगुरणं त्याच्या नंतर येतं. गुरगुरल्यावर ओरडून गप्प केलं, तर पुढच्या वेळी तो गुरगुरण्याची पायरी गाळून थेट दात लावेल. अशा कुत्र्याशी घरी झटापट नकोच. पशुवैद्य गरज पडल्यास आधी देण्यासाठी शांत करणारं औषध लिहून देतात. आपल्या कपाटातली गोळी मात्र कधीच देऊ नका. आयबुप्रोफेनसारखं साधं वाटणारं वेदनाशामकही कुत्र्याच्या पोटाला आणि मूत्रपिंडाला घातक ठरू शकतं.

पंजाला हातच लावू न देणाऱ्यांसाठी आणखी एक वाट आहे: फळीवर सँडपेपर चिकटवून कुत्र्याला पुढच्या पंजांनी ती खरवडायला शिकवायचं. बरीच कुत्री हा खेळ आनंदाने शिकतात. अंगठ्याचं नख त्यावर घासलं जात नाही, ते मात्र हाताने कापावंच लागतं.

रक्त आलं तर

घाबरू नका, ओरडू तर अजिबात नका. कुत्रा तुमच्या आवाजावरूनच ठरवतो की काहीतरी भयंकर घडलंय. रक्त दिसतं जास्त, जातं कमी. स्टिप्टिक पावडर, म्हणजे रक्त थांबवणारी पूड, नखाच्या टोकावर दाबून धरा. ती झोंबते, त्यामुळे तो पाय झटकणार हे गृहीत धरा. पावडर नसेल तर कॉर्नफ्लोअर किंवा मैदा चिमटीत घेऊन दाबा. तीन ते पाच मिनिटं सलग दाब हवा. दर दहा सेकंदांनी पुसून ‘थांबलं का’ बघत राहिलं, तर जमत आलेली गुठळी प्रत्येक वेळी निघून येते आणि मग रक्त थांबतच नाही असं वाटतं. थांबल्यावर थोडा वेळ त्याला पळू-खेळू देऊ नका, नख चाटू देऊ नका, आणि त्या दिवशी उरलेली नखं राहू द्या.

दाब देऊनही अर्ध्या तासाने रक्त वाहतच असेल तर दवाखाना गाठा. कारण मग प्रश्न नखापुरता नसू शकतो. डॉबरमनमध्ये रक्त गोठण्यात दोष असलेला व्हॉन विलेब्रँड आजार आढळतो, आणि गोचिडांमुळे होणाऱ्या काही तापांत प्लेटलेट्स, म्हणजे रक्त गोठायला मदत करणाऱ्या पेशी, घटतात. नखाला लागलेल्या कापातूनच हे पहिल्यांदा लक्षात आल्याची उदाहरणं असतात.

क्लिपर बाजूला ठेवायची वेळ

नख मुळाशी तुटून लोंबकळत असेल तर ते स्वतः उपटू नका, गोंदाने चिकटवू तर नकाच. स्वच्छ कापड सैलसर गुंडाळा आणि पशुवैद्याकडे न्या. कितीही गुणी कुत्रा असला तरी दुखऱ्या नखाला हात लावल्यावर चावू शकतो.

एकामागून एक वेगवेगळ्या पंजांची नखं सुटून येत असतील तर ‘कॅल्शियम कमी पडलं असेल’ म्हणून पूरक गोळ्या सुरू करू नका. नखांच्या मुळावर शरीराची स्वतःचीच प्रतिकारशक्ती हल्ला करते असा एक आजार आहे, आणि जर्मन शेफर्डमध्ये तो विशेष दिसतो. एकच बोट सुजलंय, त्याचं नख वाकडं झालंय, प्रतिजैविकांनी तात्पुरतं बरं वाटून पुन्हा तेच होतंय, असं असेल तर त्या बोटाचा एक्स-रे काढायला सांगा. नखाच्या मुळाशी गाठ होऊ शकते. काळ्या रंगाच्या मोठ्या कुत्र्यांत, उदाहरणार्थ काळे लॅब्रेडॉर आणि स्टँडर्ड पूडल, तिचं प्रमाण जास्त असतं. ती वेळेत सापडली तर बरेचदा ते एक बोट काढून भागतं.